सेंटर हाफची जागा

गेल्या रविवारी तुमच्या फोटोला हार घातला. मी नाही, तुमच्या शेवटच्या टीमच्या मॅनेजरनं घातला. तुमचा एकट्याचा फोटो कुठंच सापडला नाही, म्हणून त्यांनी टीमच्या फोटोतून तुम्हाला कापून काढलं आणि मोठं केलं. तुमच्या डाव्या खांद्यावर कुणाचा तरी हात तसाच राहिला होता, मनगटापर्यंत. तो हात कुणाचा, हे तिथं कुणालाच सांगता आलं नाही. मी खुर्चीवर बसून सगळा वेळ त्या हाताकडे बघत होते. तुमच्या तोंडाकडं बघितलं असतं तर मी भर सभेत उठून बोलले असते, आणि शेजारी मामा बसले होते. पोरगं गेल्यापासून तुमच्या वडिलांना मोठा आवाज सोसत नाही.

भाषणं झाली. एकानं तुम्हाला जिल्ह्याचं भूषण म्हटलं. दुसऱ्यानं तुम्ही हॉकीसाठी देह ठेवला असं म्हटलं, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. तिसऱ्यानं तुम्हाला गोलकीपर करून टाकलं. तेव्हा मागून कुणीतरी हळूच म्हणालं, "सेंटर हाफ." तुमच्यासोबत खेळलेले करीमभाई होते ते. बोलणाऱ्याला ऐकू गेलं नाही, तो आपला तुम्ही अडवलेल्या गोलांबद्दल बोलत राहिला.

बाया मला सांगायल्यात, रडून घे, मोकळी हो. मी रडले. मोकळी झाले नाही. मला भांडायचं आहे, आणि ज्याच्याशी भांडायचं तो माणूस नाही. म्हणून शाळा सुटल्यावर वर्गातच बसून हे लिहायलेय.

तुम्ही खेळायला कसे लागलात हे तुम्ही मला कधी धड सांगितलं नाही. तुम्ही स्वतःबद्दल काहीच धड सांगत नव्हता. मामांनी सांगितलं ते असं, की निजामाचं राज्य होतं तेव्हा उन्हाळ्यात मेंढरं घेऊन तुम्ही परभणीच्या पोलीस लायनीकडं उतरायचात. तिथं पोलिसांचं हॉकीचं मैदान होतं. एकदा चेंडू मेंढरांत आला आणि तुम्ही तो हातातल्या काठीनं परत मारला, तो थेट जमादाराच्या पायाशी. जमादारानं मुद्दाम पुन्हा चेंडू तुमच्याकडं धाडला. तुम्ही पुन्हा तिथंच मारला. तो जमादार म्हणजे करीमभाईंचे वडील. मिसरूड फुटायच्या वयात तुम्ही त्यांच्या टीमला चिकटलात. "मी मेंढरं राखायला पोरगं धाडलं," मामा म्हणतात, "ते तिकडंच राहिलं." हे सांगताना पूर्वी त्यांना हसू यायचं.

मग पोलीस ॲक्शन झालं. जुने पोलीस गेले, त्यांची टीम गेली. करीमभाईंचं घर एका दुपारी रिकामं झालं. जमादार कुठं गेले, जगले का मेले, हे करीमभाईंना आजही माहीत नाही. त्यांच्या आईला आणि बहिणींना तुम्ही कळपाबरोबर चालवत, घोंगडी पांघरवून, आडवाटेनं पूर्णेच्या स्टेशनावर नेलं आणि हैदराबादच्या गाडीत बसवलं, ही गोष्ट मला आत्ता कळली. करीमभाईंनी तुमच्या दहाव्याला सांगितली. एवढी वर्षं मी तुमच्यासोबत संसार केला आणि तुम्ही मला हे सांगितलं नाही. का? मी कुणाला सांगितलं असतं? का तुम्हाला ते सांगण्यासारखं वाटलंच नाही?

आपलं लग्न झालं तेव्हा शाळा उर्दूतून मराठीत व्हायला लागल्या होत्या, आणि मराठी लिहिता-वाचता येणारी बाई दिवा लावून शोधली तरी सापडत नव्हती. माझे वडील शाळेत शिपाई, म्हणून मी सातवी झालेली. मला ताडकळसला नोकरी लागली. तुमच्या भावकीतल्या लोकांनी मामांना घेरलं. सून बाहेर जाणार, चार माणसांत बसणार, धनगराच्या घरात हे शोभतं का? तुम्ही तेव्हा नुकते कुठल्या तरी टीममधून परत आला होता. ओट्यावर बसून स्टिकला सुतळी गुंडाळत होता. मान वर न करता म्हणालात, "ती शिकवती, मी खेळतो. कुणी विचारलं तर सांगा, दोघं बी कामाचे न्हाईत." लोक हसले आणि उठून गेले. माझी नोकरी राहिली. हे मी विसरले नाही. शकू पोटात होती तेव्हा तुम्ही भर गावातून डोक्यावर घागर घेऊन आलात, बाया पदरात तोंड लपवून हसल्या, आणि तुम्ही त्यांना रामराम घातला, तेही विसरले नाही. तुम्ही वाईट असता तर हे सगळं किती सोपं झालं असतं.

पण तुम्ही घरी असायचा किती? ज्या टीमचा सेंटर हाफ आजारी पडला, पळून गेला, साहेबाशी भांडला, त्या टीमची तार यायची. तार आली की तुम्ही निघालात. कधी सोलापूरकडची मिल, कधी रेल्वेची टीम, कधी हैदराबादेतला एखादा क्लब, कधी कुणा साखरवाल्याची. मिलमध्ये तुम्हाला फिटर म्हणून ठेवायचे आणि तुमच्या हातात कधी पाना द्यायचे नाहीत. सीझन संपला, त्यांचा जुना माणूस बरा होऊन आला, की तुम्ही फिटर म्हणून नालायक ठरायचात. मग तुम्ही घरी. पत्र्याची ट्रंक, दोन स्टिक, शकूला काहीतरी खाऊ. मी विचारायचे, "काय झालं?" तुम्ही म्हणायचात, "काय न्हाई. त्यांचा माणूस आला." जणू काही पाहुणे म्हणून राहायला गेला होता आणि घरमालक गावाहून परत आला.

मला त्या सगळ्या मालकांचा राग आहे. पण तुम्हाला तो कधी आला नाही याचा जास्त आहे.

हैदराबाद राज्याच्या टीममध्ये एकदा तुमचं नाव लागलं. मद्रासला नेलं तुम्हाला. आख्ख्या स्पर्धेत तुम्ही मैदानाबाहेर बसून राहिलात, राखीव म्हणून. परत आल्यावर मी विचारलं, कसं झालं. म्हणालात, "लय भारी गाव हाय, मास्तरीण. समुद्र बघितला." मी वर्गात पोरींना समुद्र शिकवते, मी अजून बघितलेला नाही. तुम्ही शकूला खारट पाण्याची, लाटांची गोष्ट सांगितली, पण बाकावर बसून काय वाटलं त्याची नाही.

पुढच्या खेपेला खेळवतो असं त्यांनी कबूल केलं होतं. आणि त्याच वर्षी हैदराबाद राज्याचेच तुकडे झाले. आपला मराठवाडा मुंबई राज्यात गेला. आम्ही शाळेत पेढे वाटले. मराठी माणूस मराठी माणसात आला म्हणून मी स्वतः पोरींकडून गाणी बसवून घेतली. तुम्ही हैदराबादला निवडीसाठी गेलात आणि दुसऱ्याच दिवशी परत आलात.

"काय झालं?"

"ते म्हणले, तुमचा जिल्हा आता आमच्यात न्हाई."

"मग मुंबईला जा."

"कार्ड टाकून बघितलं आधीच. ते म्हणले, हा कोण?"

आणि हे सांगताना तुम्हाला हसू आलं होतं. मला त्या दिवशीचे पेढे अजून कडू लागतात. राज्य कुणाचं, भाषा कोणती, याचा निकाल लागला तेव्हा तुमचं खेळायचं वय मधल्या मध्ये संपलं, आणि ते कुणाच्या हिशेबातच नव्हतं. तुम्ही तरी ते धरायचं होतं. कुठंतरी पाय आपटायचा होता. कुणाच्या तरी टेबलावर हात आपटायचा होता. तुम्ही परत येऊन मामांबरोबर मेंढरं कातरायला बसलात.

मी तुम्हाला खेळताना एकदाच बघितलं. परभणीला कुठल्या तरी जत्रेच्या निमित्तानं सामने होते. बायकांसाठी कनात लावून बाजूला जागा केली होती. शकू मांडीवर झोपली होती. मला खेळातलं काही कळत नव्हतं, मी फक्त तुमच्याकडं बघत होते, म्हणून मला जे दिसलं ते बहुतेक बाकी कुणालाच दिसलं नसेल. सगळे चेंडूच्या मागं पळत होते. तुम्ही पळत नव्हता. तुम्ही चालत चालत एका जागी जायचात आणि थोड्या वेळानं चेंडू तिथं यायचा. मला वाटलं, चेंडूला तुम्ही आधी सांगून ठेवलंय. शेवटी शेवटी तुम्ही दोघातिघांच्या मधून चेंडू असा काढलात, जसं मामा बिथरलेल्या कळपातून एक मेंढरू काढतात, धक्का न लावता. समोर गोल उघडा होता. मला सुद्धा कळलं की आता मारायचा. आणि तुम्ही तो बाजूच्या पोराला दिलात. त्यानं मारला. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं, कुणा पुढाऱ्यानं त्याला फेटा बांधला. तुम्ही वाकून मोजे वर ओढत होता.

घरी येताना मी विचारलं, "तुमी का न्हाई मारला?"

"तो मोकळा होता."

"तुमी पण मोकळेच होतात."

तुम्ही जरा विचार केलात. "मी होतो," म्हणालात, "पण तो जास्त मोकळा होता."

मी तेव्हा चिडले. आज सांगते, तेवढं सुंदर काही मी आयुष्यात दुसरं बघितलं नाही. तेव्हा सांगायला पाहिजे होतं असं लोक म्हणतील. मी मुद्दाम सांगितलं नाही. मला भीती होती की मी तसं म्हटलं तर तुम्ही कधीच थांबणार नाही.

तुमचे गुडघे गेले होते. सकाळी उठताना भिंतीला धरायचात. परभणीच्या नव्या हायस्कुलात ड्रिल मास्तरांची जागा निघाली तेव्हा मी स्वतः हेडमास्तरांना जाऊन भेटले. माझ्या नवऱ्यासाठी मी पहिल्यांदाच कुणापुढं उभी राहिले. हेडमास्तर भला माणूस. म्हणाले, खेळाडू पाहिजेच आहे, सर्टिफिकेटाचं मी बघतो, सोमवारी धाडा त्यांना. मी मोटारीतून येताना अर्ध्या वाटेवरच ठरवून टाकलं होतं की परभणीला बदली मागायची, शकूला तिथं शाळेत घालायची.

घरी आले तर तुम्ही ट्रंक भरत होता. परभणीच्या एका जिनिंगवाल्या शेटनं टीम काढली होती, तिचा मॅनेजर येऊन गेला होता.

"जूनपासून जातोच की शाळेत," तुम्ही म्हणालात. "एवढी एक टुर्नामेंट खेळतो."

"सोमवारी बोलावलंय तुमाला."

"आल्यावर भेटतो म्हण."

"त्या शेटला आजच तुमची आठवण कशी झाली? त्याचा सेंटर हाफ कुठं गेला?"

"पाय मोडला त्याचा."

"म्हणजे दुसऱ्याच्या मोडक्या पायाच्या जागी उभं राहायला जायलात."

"मास्तरीण, तुला लय चांगलं बोलता येतंय."

"शाळेत पण मैदान हाय."

"मैदान हाय. टीम न्हाई."

"मग तयार करा की. त्याच्यासाठीच ठेवायलेत तुमाला. तिकडं कोण तुमचं नाव तरी घेतंय का?"

तुम्ही बुटांच्या नाड्या एकमेकींत बांधल्या आणि बूट खांद्यावर टाकले. "नाव घेऊन काय करायचं?" म्हणालात. "चेंडू घेतेत ना माझ्याकडून. आल्यावर बोलू." आणि मामांच्या पाया पडून गेलात. मी दारापर्यंत आले नाही. भाकरी तव्यावर होती हे खरं, पण भाकरी उतरवता आली असती. मला यायचं नव्हतं.

आलात तेव्हा जिंकून आला होतात. पायाला नडगीवर पट्टी होती. मी विचारलं. "खरचटलंय," म्हणालात. शकूला बत्तासे आणि काचेच्या बांगड्या आणल्या होत्या. तुम्ही इतके खूश होता की मी भांडण पुढं ढकललं. हेडमास्तरांना दुसऱ्या आठवड्यात भेटायचं ठरलं. तुम्ही एकदा शकूला अंगणात उभं करून "सावधान, विश्राम" असं करून दाखवलंत, आणि मला वाटलं, हे होईल. हा माणूस मास्तर होईल.

मग एका सकाळी तुम्हाला भाकरी चावेना. दात दुखायला असेल म्हणून मी लवंग दिली. संध्याकाळी मान वळेना. दुसऱ्या दिवशी पाठ आखडली, आणि मामांनी तुमच्याकडं एकदा बघितलं आणि गाडी जुंपायला धावले. मेंढरांना होतं ते त्यांनी बघितलेलं होतं.

परभणीच्या दवाखान्यात डॉक्टरांनी धनुर्वात सांगितला. तुम्हाला एका वेगळ्या खोलीत ठेवलं, खिडकीवर काळी घोंगडी टांगली. मला बाहेर घेऊन सांगितलं, "बाई, उजेड करायचा नाही, हात लावायचा नाही, आवाज करायचा नाही. जरासा आवाज झाला तरी झटका येतो." मी आत गेले. तुम्ही डोळे माझ्याकडं वळवलेत. मी फक्त "अहो" म्हटलं, आणि तुमचं अंग कमानीसारखं वर उचललं गेलं. टाच आणि डोकं तेवढं खाटेला टेकलेलं. डॉक्टर धावत आले. त्यानंतर मी तुमच्याशी बोलले नाही.

तुम्ही जाईपर्यंत मी तिथंच बसून होते. बांगड्या वाजतील म्हणून काढून ठेवल्या होत्या. सगळं माझ्या तोंडात होतं. का गेलात, का लपवलंत, डॉक्टरकडं का गेला नाहीत, हेडमास्तरांना मी काय सांगू. यातला एक शब्द जरी तोंडातून निघाला असता तर तुमचा जीव गेला असता. एवढी गप्प मी जन्मात बसले नाही. आणि तुमचा चेहरा त्या आजारानं असा ओढला गेला होता की बघणाऱ्याला वाटावं, तुम्ही हसताय. तुमची चुलती दारातून डोकावून म्हणाली, "बघ, हसायलाय, बरा होईल." ते हसू नव्हतं. आयुष्यभर ज्या ज्या ठिकाणी रागवायला पाहिजे होतं तिथं तुम्ही हसलात, आणि शेवटी तुम्हाला हसायचं नव्हतं तरी त्या दुखण्यानं तुमच्या तोंडावर तेच ठेवलं. याचा राग मी कुणावर काढू?

शकूला अजून वाटतंय तुम्ही खेळायला गेलात. मामांनी तिला समजावलं, मी समजावलं. ती मान हलवते आणि ट्रंक कुठाय म्हणून विचारते. तिची यात चूक नाही. तुमचं नेहमीचं जाणं आणि हे जाणं त्या पोरीनं वेगळं कसं ओळखायचं?

काय झालं होतं ते करीमभाईंनी दहाव्याला सांगितलं. शेटनं त्यांनाही त्याच स्पर्धेसाठी हैदराबादहून बोलावलं होतं, फुलबॅक म्हणून. सामने ठेवले होते गुरांच्या बाजाराच्या जागेवर. आदल्या दिवशी बाजार उठला, वरवर झाडून चुन्याच्या रेघा मारल्या. दावणीच्या खुंट्या काही ठिकाणी तशाच मातीत राहिल्या. फायनलच्या आदल्या सामन्यात तुम्ही चेंडू अडवायला घसरलात आणि शेणामातीतली एक खुंटी तुमच्या नडगीत शिरली. बघणाऱ्यांत एक डॉक्टर होते, ते उठून आले. म्हणाले, ही जागा घाणीची आहे, आत्ताच दवाखान्यात जाऊन इंजेक्शन घ्या, उशीर करू नका. मॅनेजर तिथंच उभा होता.

"मी त्याला बोललो भाभी, चल, मैं लेके जातूं," करीमभाई म्हणाले. "तो म्हणला, इंजेक्शन घेतलं की दोन दिवस पाय सुजतो, कल फायनल कौन खेलेगा. फायनल झाल्यावर जाऊ म्हणला."

"आणि फायनल झाल्यावर?"

"फायनल झाल्यावर म्हणला, आता दुखत न्हाई."

करीमभाई खाली मान घालून रडले. मला त्यांचं रडणं बघवलं नाही. मी आत जाऊन चहा ठेवला.

तर रविवारची सभा. सभा संपल्यावर मॅनेजर माझ्यापुढं हात जोडून आला. दरवर्षी तुमच्या नावानं एक कप ठेवायचा म्हणाला, मी तो माझ्या हातानं द्यावा. आजूबाजूला माणसं उभी होती. मामा शकूला घेऊन लांब गेले होते, म्हणून मी बोलले.

"त्यांना डॉक्टरनं इंजेक्शन घ्यायला सांगितलं होतं. तुमच्या समोर."

तो गडबडला. करीमभाईंकडं बघून म्हणाला, "बाई, मी काय जबरदस्ती केली न्हाई. इचारा यांना. मी म्हणलं, जमंल का? ते म्हणले, जमंल. त्यांचीच इच्छा होती."

करीमभाईंनी मान वर केली नाही. म्हणजे ते खरं होतं. मला ते आधीच माहीत होतं.

"त्यांची इच्छा कोणत्या दिवशी नव्हती?" मी म्हटलं. "तापानं फणफणले असते तरी जमंलच म्हणले असते. तुमी त्यांना ओळखत होतात. म्हणूनच विचारलंत. न्हाई म्हणणारा असता तर तुमी विचारलंच नसतं."

त्यानं कुणाला तरी चहा आणायला सांगितलं. कपाला मी नकार दिला. म्हटलं, नाव द्यायचं असेल तर आधी ते कुठल्या जागेवर खेळायचे ते पाठ करा. आणि मैदान नीट झाडा. चार माणसं माझ्याकडं बघायली होती, बाई फार बोलली असं त्यांच्या तोंडावर होतं. असू द्या.

मॅनेजरला मी जे बोलले ते तुम्हालाही लागू आहे. विचारणारा चुकलाच, पण जमंल म्हणणारे तुम्ही होता. तुम्हाला घर होतं, पोरगी होती, जूनपासून जागा होती. तिकडं ज्यांना तुमचं नाव माहीत नव्हतं त्यांच्यासाठी तुम्ही पाय दिलात, आणि इथं आम्ही तुमचं नाव घ्यायला बसलो होतो. यावर तुमच्याजवळ उत्तर होतं का? असेल. तुमच्याजवळ नेहमीच एखादं साधं उत्तर असायचं आणि मी त्याच्यापुढं गप्प व्हायचे. या वेळी मी गप्प झाले नसते.

मोटार यायला वेळ होता. करीमभाई आम्हाला पोचवायला स्टँडवर आले. मी त्यांना विचारलं, आता काय करता. मेहुण्याच्या सायकलच्या दुकानात पंक्चर काढतात. शेटनं बोलावलं ती खूप दिवसांनी आलेली पहिली तार. "आता कोण बुलाता भाभी," म्हणाले. त्यांचेही केस पांढरे झालेत. तुम्ही दोघं एकाच वयाचे.

मी म्हटलं, "हायस्कुलात ड्रिल मास्तरांची जागा हाय. यांच्यासाठी ठेवली होती. तुमी घ्या."

ते म्हणाले, "परभणीत? भाभी, परभणीत मी कसा राहू?"

त्यांचं घर कोणत्या गल्लीत होतं आणि आता तिथं कोण राहतं, हे त्यांना माहीत आहे. सभेला येताना ते त्या गल्लीनं आले नाहीत, मोठा वळसा घालून आले, हेही त्यांनीच सांगितलं.

"कसं राहायचं ते मला सांगता येणार न्हाई," मी म्हटलं. "तिथं पोरं हायत आणि जागा रिकामी हाय, एवढंच मला माहीतय. तुमाला नको असंल तर तसं सांगा. पण यांच्यासारखं हसून टाळू नका."

ते हसले नाहीत. मामांनी शकूला त्यांच्या कडेवर दिलं आणि म्हणाले, "राहा रं. माझं एक गेलं. तुझा बाप बी इथलाच." करीमभाई बराच वेळ शकूच्या डोक्यावर हात ठेवून उभे होते. मोटार आली तेव्हा म्हणाले, "बुधवारला येतो. तुम्ही असाल ना?"

बुधवारी मी रजा टाकली. हेडमास्तरांनी आधी आढेवेढे घेतले. सर्टिफिकेट नाही, माणूस बाहेरचा, लोक विचारतील. मी म्हटलं, बाहेरचा कसा, याच गावात जन्मलाय. लोकांनी विचारलं तर माझ्याकडं धाडा, माझं लोकांशी बोलणं आता सुरूच झालंय. त्यांनी चष्मा काढून पुसला. करीमभाईंना विचारलं, पोरांना काय शिकवाल? करीमभाई म्हणाले, "पहले तो मैदान साफ करेंगे साहब." एक वर्षासाठी घ्यायचं ठरलं. पुढचं पुढं.

जूनमध्ये ते रुजू होतील. मी बदलीचा अर्ज दिला नाही. मामांना आणि मेंढरांना सोडून मला आता परभणीला जायचं नाही. शकू इथंच माझ्या वर्गात बसेल.

ती जागा तुमची होती. मी तुमच्यासाठी मागून आणलेली. ती मी देऊन टाकली, तुम्हाला न विचारता. तुम्हीही मला कधी विचारून गेला नाहीत.